बटणांच्या फोनवरील झुंजीचे खेळ : एका अल्पायुषी रूपांतरपरंपरेचा इतिहास

१

खेळांचा इतिहास लिहिण्याची परंपरा मराठीत फारशी समृद्ध नाही. परंतु जी आहे तिच्यात बडोद्याचा वाटा मोठा आहे. दत्तात्रय चिंतामण मुजुमदार यांनी संपादिलेला 'व्यायामज्ञानकोश' १९३६ ते १९४९ या काळात दहा खंडांत याच नगरीत सिद्ध झाला. कुस्ती, मल्लखांब, लाठी आणि देशी मैदानी खेळ यांची इतकी तपशीलवार नोंद अन्य भारतीय भाषांत क्वचितच झाली असेल. त्या दहा खंडांचे सार १९५० साली इंग्रजीत एकाच खंडात प्रसिद्ध झाले. त्यापूर्वी, १९२३ साली, येथील हिंद विजय जिमखान्याने हुतूतूचे सामने भरवून त्या खेळास नियमांची बैठक दिली होती. गावोगाव निरनिराळ्या रीतीने खेळला जाणारा खेळ मोजलेल्या अंगणात, ठरलेल्या वेळेत आणि ठरलेल्या संख्येच्या गड्यांत कसा बसवावयाचा, हा त्या वेळच्या कार्यकर्त्यांपुढील प्रश्न होता. काय राखावयाचे आणि काय सोडावयाचे, याचा निर्णय त्यांस करावा लागला.

प्रस्तुत लेखाचा विषय या साऱ्यापासून वरवर पाहता फार दूरचा वाटेल. ज्यांस इंग्रजीत 'ॲक्शन गेम' म्हणतात आणि ज्यांस आम्ही येथे झुंजीचे खेळ म्हणणार आहोत, असे संगणकावरील खेळ विसाव्या शतकाच्या अखेरीस व एकविसाव्याच्या प्रारंभी लहानशा, बटणांच्या फोनवर उतरविले गेले. ही घडामोड १९९७ पासून २०१० पर्यंतच्या तेरा-चौदा वर्षांत घडली आणि संपलीही. तिची हकीकत शिक्षकांनी व साहित्याच्या अभ्यासकांनी का वाचावी, अशी शंका कोणी काढील, तर तिचे उत्तर असे की, मोठ्या जागेतील कृती लहान जागेत नेताना तिचे प्राणतत्त्व कोणते हा प्रश्न येथे जितक्या निष्ठुरपणे विचारला गेला, तितका तो भाषांतराच्या किंवा नाट्यरूपांतराच्या क्षेत्रातही क्वचितच विचारला गेला असेल. दुसरे कारण अधिक निकडीचे आहे. या परंपरेची साधने आपल्या डोळ्यांदेखत नष्ट होत आहेत, आणि त्याचा विचार लेखाच्या उत्तरार्धात करावयाचा आहे.

२

प्रथम ही जागा किती लहान होती, याची कल्पना करून घेतली पाहिजे. १९९७ साली नोकिया कंपनीने ६११० या क्रमांकाचा फोन जाहीर केला. त्यात टानेली आर्मान्टो या फिनलंडमधील अभियंत्याने तयार केलेला 'स्नेक' हा खेळ होता. साप अन्न खातो, लांब होतो, आणि स्वतःच्या शरीरावर आपटला की मरतो. एवढेच त्याचे कथानक. ही कल्पनाही नवी नव्हती. १९७६ साली ग्रेमलिन या अमेरिकी कंपनीने काढलेल्या 'ब्लॉकेड' या नाण्यावर चालणाऱ्या यंत्रखेळात तिचे मूळ सापडते. म्हणजे फोनवरील खेळांचा आरंभच एका जुन्या खेळाच्या रूपांतराने झाला.

त्या फोनचा पडदा आडवा ८४ आणि उभा ४८ ठिपक्यांचा होता. एकूण ठिपके ४,०३२. तेही केवळ काळे किंवा कोरे. याच्याशी तुलना करावयाची तर १९९३ साली आलेला 'डूम' हा संगणकावरील प्रसिद्ध झुंजीचा खेळ घ्यावा. त्याचे चित्र ३२० बाय २००, म्हणजे ६४,००० ठिपक्यांचे होते, आणि प्रत्येक ठिपक्यास २५६ रंगांपैकी एक रंग घेता येई. फोनचा पडदा त्याच्या सोळाव्या भागाएवढा. भिंतीवरील चित्र टपालाच्या तिकिटावर काढण्यासारखाच हा प्रकार होता.

२००० साली आलेल्या नोकिया ३३१० या फोनवर 'स्पेस इम्पॅक्ट' हा अवकाशयुद्धाचा खेळ होता. डावीकडून उजवीकडे सरकणारे एक लहान यान, समोरून येणारे शत्रू आणि त्यांवर सोडलेल्या गोळ्या: झुंजीच्या खेळाचा हा सांगाडा ४,०३२ काळ्या ठिपक्यांत उभा राहू शकतो, हे त्याने सिद्ध केले. पुढे २००३ साली नोकिया ११०० हा स्वस्त व टिकाऊ फोन आला. त्यात बॅटरीचा दिवा होता आणि 'स्नेक'ची दुसरी आवृत्ती व 'स्पेस इम्पॅक्ट' हे दोन्ही खेळ होते. त्याच वर्षी भारतात फोनवर येणारे कॉल मोफत झाले, आणि ज्या घरांत संगणक कधी आला नव्हता त्या घरांत फोन पोहोचू लागला. आपल्याकडील पुष्कळ कुटुंबांचा पडद्यावरील खेळाशी पहिला परिचय संगणकाने करून दिलेला नाही. तो या फोनने करून दिला, ही गोष्ट इतिहासकाराने ध्यानात ठेवावयास हवी.

३

हे आरंभीचे खेळ फोनच्या पोटात कारखान्यातच बसविलेले असत. बाहेरचा खेळ आणून फोनवर चढविणे शक्य झाले ते जावा या संगणकभाषेच्या लहान आवृत्तीमुळे. सन मायक्रोसिस्टिम्स या कंपनीने ती १९९९ साली जाहीर केली; फोनसाठी तिचे पहिले प्रमाणरूप २००० मध्ये व सुधारलेले दुसरे २००२ मध्ये निश्चित झाले. यानंतर संगणकावरील नामांकित खेळ फोनवर आणण्याची अहमहमिका सुरू झाली. रूपांतरकारास मात्र चार भिंतींच्या आत काम करावे लागे. त्या भिंती एकेक करून पाहू.

पहिली भिंत साठ्याची. नोकियाच्या लोकप्रिय मालिकेतील आरंभीच्या रंगीत फोनांवर संपूर्ण खेळास, त्यातील सूचना, चित्रे, ध्वनी व आज्ञावली यांसह, ६४ किलोबाइटांची मर्यादा होती. 'डूम'च्या पूर्ण प्रतीतील चित्रे, ध्वनी व नकाशे मिळून सुमारे ११ मेगाबाइट भरत, म्हणजे या मर्यादेच्या दीडशे पटींहून अधिक. वाचकांस परिचित मापाने सांगावयाचे तर, आजच्या लिपिसंकेतात देवनागरीच्या प्रत्येक चिन्हास तीन बाइट लागतात. प्रस्तुत लेखच साठवून ठेवला, तर त्या ६४ किलोबाइटांपैकी निम्म्याहून अधिक जागा तो एकटा व्यापील. एवढ्या जागेत राजवाडे, राक्षस, तलवारी आणि संगीत बसवावयाचे होते.

त्यासाठी कारागिरांनी ज्या युक्त्या योजल्या त्या पाहण्यासारख्या आहेत. वीराचे उजवीकडे तोंड असलेले चित्र तेवढे ठेवावयाचे आणि डावीकडे जाताना तेच आरशातल्याप्रमाणे उलटवावयाचे. भिंत, जमीन व आकाश यांची लहान चौकोनी तुकडे करून फरशीप्रमाणे पुनःपुन्हा मांडणी करावयाची. एकाच सैनिकाच्या पोशाखाचा रंग बदलून त्यास दुसरा, अधिक बलवान शत्रू म्हणून उभा करावयाचा. प्रत्येक चित्राच्या नोंदीस स्वतंत्र मथळा लागे व तो जागा खाई, म्हणून अनेक चित्रे एकाच मोठ्या चित्रात जोडून मथळ्यांची बचत करावयाची. आज्ञावलीतील अर्थपूर्ण नावे काढून त्यांजागी एकेका अक्षराची नावे घालावयाची. आपले शाहीर व कीर्तनकार चार पात्रांची कामे एकाच माणसाकडून करवून घेत. त्याच काटकसरीचे हे नवे रूप होय.

दुसरी भिंत आकड्यांची. फोनसाठी असलेल्या जावाच्या पहिल्या आवृत्तीत अपूर्णांकांचे गणित नव्हते, केवळ पूर्णांक. परंतु झुंजीच्या खेळात उडी मारणारा वीर वर जाताना मंदावतो व खाली येताना वेग घेतो, आणि हे अपूर्णांकांवाचून कसे साधावे? यावर उपाय असा की, रुपयांऐवजी पैशांत हिशेब ठेवावा. एका ठिपक्याचे २५६ सूक्ष्म भाग कल्पून सर्व गणित त्या भागांत करावयाचे आणि पडद्यावर काढतेवेळी मात्र २५६ ने भागावयाचे. कोन व वर्तुळाकार गती यांसाठी लागणारी मूल्ये आधीच काढून कोष्टकात ठेवावयाची. पावकी, निमकी व पाऊणकी पाठ करून बाजारातला हिशेब तोंडी करणारी आपली जुनी पिढी या उपायास सहज ओळखील.

तिसरी भिंत बटणांची, आणि खेळाच्या आत्म्याच्या दृष्टीने हीच सर्वांत कठीण होती. संगणकावर खेळणारा एका हाताने धावतो, दुसऱ्याने नेम धरतो आणि त्याच क्षणी गोळी झाडतो. फोनची बटणे अंक दाबण्यासाठी बनविलेली. पुष्कळ फोनांना एका वेळी एकच बटण दाबलेले कळे. धावता धावता उडी मारणे, ही झुंजीच्या खेळातील बाराखडीच येथे अशक्य झाली. यातून निघालेली तोड अशी : २, ४, ६ व ८ या बटणांस चार दिशा द्यावयाच्या, मधल्या ५ वर प्रहार ठेवावयाचा, आणि कोपऱ्यातील १ व ३ या बटणांवर डावीकडची व उजवीकडची तिरपी उडी बसवावयाची. दोन बोटांची कृती एका बटणात गोवली गेली. कित्येक खेळांत वीर आपण होऊनच गोळ्या झाडू लागला.

चौथी भिंत व्यत्ययाची. संगणकासमोर बसलेला मनुष्य खेळण्यासाठीच बसलेला असतो. फोन मूलतः बोलण्याचे साधन. ऐन लढाईत कोणाचा तरी कॉल येणार हे गृहीतच. खेळाने त्या क्षणी स्तब्ध व्हावे आणि संभाषण आटोपल्यावर त्याच जागी पुन्हा सुरू व्हावे, अशी तजवीज प्रत्येक खेळात करावी लागे. शिवाय हा खेळ बसच्या थांब्यावर, रांगेत किंवा मधल्या सुट्टीत खेळला जाणार. तासाभराचा सर्ग तीन मिनिटांच्या कडव्यांत विभागावा लागला.

४

अशा चार भिंतींच्या आत रूपांतरकारापुढे दोन मार्ग होते. मराठी रंगभूमीच्या अभ्यासकांस ते परिचयाचे आहेत. आगरकरांनी १८८३ साली 'विकारविलसित' सिद्ध केले तेव्हा शेक्सपिअरच्या 'हॅम्लेट'चा वाचेने अनुवाद करण्याकडे त्यांचा कल होता. देवलांनी १८९० साली 'झुंझारराव' लिहिताना 'ऑथेल्लो'स मराठी रंगभूमीचे शरीर दिले. पहिल्या मार्गात मूळ कृतीचा अवयव शक्यतो गाळावयाचा नाही. दुसऱ्यात नव्या जागेस जे पेलत नाही ते बदलून मूळ परिणाम साधावयाचा.

फोनवरील पुष्कळ खेळ पहिल्या मार्गाने गेले आणि फसले. संगणकावरील खोल, त्रिमित दृश्याची पुसट नक्कल १२८ बाय १२८ ठिपक्यांत उतरे. शत्रू दोन-चार ठिपक्यांचा डाग होऊन बसे. आणि बटण दाबून ते फोनास कळेपर्यंत वीर मेलेला असे. नाव तेवढे मूळचे राही.

दुसऱ्या मार्गाचे सर्वोत्तम उदाहरण 'डूम'चेच आहे. मूळ खेळाचा एक कर्ता जॉन कार्मॅक याने २००५ साली, कॅथरीन ॲना कँग यांच्या फाउंटनहेड या कंपनीसमवेत, फोनसाठी 'डूम आरपीजी' तयार केला. वेग हे तर 'डूम'चे सर्वस्व. परंतु बटणांच्या फोनवर तो वेग शक्य नाही हे ओळखून कार्मॅकने वेगच काढून टाकला. नव्या खेळात बुद्धिबळाप्रमाणे पाळीपाळीने चाली होतात : खेळणारा एक पाऊल टाकतो किंवा एक प्रहार करतो, मग शत्रू आपली चाल करतो. बोट उशिरा पडले म्हणून कोणी मरत नाही. राहिले काय? त्या अंधाऱ्या वाटा, ते परिचित राक्षस, शस्त्रे आणि पुढच्या दाराआड काय असेल ही धास्ती. 'डूम'चे प्राणतत्त्व वेगात नसून या धास्तीत होते, हे रूपांतराने दाखवून दिले. हाच प्रयोग पुढे २००६ साली 'ऑर्क्स अँड एल्व्ह्ज' या खेळात आणि २००८ साली 'वोल्फेनस्टाइन आरपीजी'त चालविला गेला. आमच्या मते, मूळ कर्त्यानेच आपल्या कृतीचे इतके निर्दय व इतके यशस्वी रूपांतर केल्याची उदाहरणे साहित्यातही थोडीच सापडतील.

तिसरा एक प्रकार इतिहासकारास विशेष रंजक वाटेल. फ्रान्समधील गेमलॉफ्ट कंपनीने युबिसॉफ्टच्या खेळांची फोनवरील रूपांतरे केली. 'प्रिन्स ऑफ पर्शिया' हा खेळ जॉर्डन मेक्नर याने १९८९ साली प्रथम काढला, तेव्हा त्यात राजपुत्र बाजूने दिसे आणि पडद्यावर डावी-उजवीकडे धावे. २००३ साली त्याचा नवा, त्रिमित अवतार आला. परंतु गेमलॉफ्टने तो अवतार फोनवर आणताना राजपुत्रास पुन्हा बाजूने दाखविले. नव्या खेळाची कथा व साहसे जुन्या खेळाच्या दृष्टिकोनातून मांडली गेली. लहान पडद्याने काळाचे चक्र उलटे फिरविले असे म्हणावयास हरकत नाही. संगणकाने मागे टाकलेली कला फोनवर पुन्हा उपयोगी ठरली, आणि ती जाणणाऱ्या कारागिरांस पुन्हा काम मिळाले.

५

आता आपल्या प्रदेशाकडे वळू. या उद्योगाचे भारतातील एक प्रमुख केंद्र बडोद्यापासून रेल्वेने काही तासांच्या अंतरावर, मुंबईस होते. विशाल गोंडल यांनी १९९९ साली तेथे 'इंडियागेम्स' ही कंपनी काढली. तिच्या आरंभीच्या कामांत 'योद्धा' हा संगणकावरील झुंजीचा खेळही होता. परंतु त्या काळी भारतात घरगुती संगणक थोडे आणि विकत घेतलेल्या खेळांचा ग्राहक त्याहून थोडा; त्यामुळे कंपनीचे लक्ष लवकरच फोनकडे वळले. २००५ च्या सुमारास चीनमधील टॉम ऑनलाइन या कंपनीने तिच्यात मोठा हिस्सा घेतला, २००७ साली ती यूटीव्हीकडे आणि २०१२ साली यूटीव्हीबरोबर डिस्नेकडे गेली. एवढ्या अल्पकाळात झालेली ही मालकीची स्थित्यंतरेच या धंद्याची तेजी व अस्थिरता सांगतात.

इंडियागेम्सच्या अमेरिकेतील 'आयजी फन' या शाखेने जानेवारी २००८ मध्ये 'बायोशॉक' या खेळाचे फोनवरील हक्क मिळविले. २००७ साली आलेला हा खेळ समुद्राच्या तळाशी वसविलेल्या व उद्ध्वस्त झालेल्या एका नगराची कथा सांगतो, आणि संगणकाच्या चित्रशक्तीचा कस पाहणारा म्हणून तो गाजला होता. फोनवरील रूपांतर २०१० साली आले. एका आवृत्तीत नगर वरून पाहिल्यासारखे, दोन परिमाणांत दाखवून मूळ कथानक बरेचसे जपलेले होते; दुसऱ्या, अधिक सजविलेल्या आवृत्तीत खेळाचे काही भाग कोड्यांच्या रूपाने पुन्हा रचले होते. समीक्षकांनी चित्रांत उणी असलेल्या पहिल्या आवृत्तीची शिफारस केली आणि दिसावयास सुंदर असलेल्या दुसरीबद्दल हात आखडता घेतला. कथा राखणारे गरीब रूपांतर सजावट राखणाऱ्या श्रीमंत रूपांतराहून सरस ठरले, हा निकाल नाट्यरूपांतरकारांनीही मनन करण्याजोगा आहे.

भारतातील ग्राहकापर्यंत हे खेळ पोहोचत ते मुख्यतः फोनसेवा देणाऱ्या कंपन्यांमार्फत. रिलायन्सच्या फोनांवर 'आर-वर्ल्ड' नावाचा विभाग असे, इतर कंपन्यांचे असेच विभाग असत. खेळाचे पैसे फोनच्या शिलकीतून कापले जात आणि त्यांतील मोठा वाटा सेवाकंपनीच ठेवून घेई. खेळ रचणाऱ्याच्या हाती उरे तो त्यानंतरचा. दुसरा, अनधिकृत मार्गही होता. मित्राच्या फोनवरून ब्लूटूथने खेळ घेणे आणि बाजारातील मोबाइलच्या दुकानात थोडे पैसे देऊन मेमरी कार्ड गाण्यांनी व खेळांनी भरून आणणे, हे त्या काळी देशातील लहानमोठ्या शहरांत सर्रास चाले. त्यामुळे खेळ दूरवर पोहोचले. रचणाऱ्याचे श्रम मात्र फुकट गेले.

या कारागिरांविषयी दोन शब्द लिहिणे आम्हांस अगत्याचे वाटते. चित्रे काढणारे, आज्ञावली लिहिणारे आणि शेकडो फोन समोर मांडून एकेक खेळ तपासणारे हे तरुण बहुतेक अनाम राहिले. खेळाच्या 'माहिती' या पानावर कंपनीचे नाव असे. माणसांची नावे क्वचितच. आपल्या लेण्यांतील शिल्पकारांच्या अनामिकतेचे आपण कौतुक करतो, परंतु त्यांस हजार-दीड हजार वर्षे लोटली. या कारागिरांपैकी बहुसंख्य आज मध्यम वयात आहेत. त्यांना विचारणे अद्याप शक्य आहे.

६

याच ठिकाणी बडोद्याच्या विद्वत्परंपरेशी या विषयाचा अनपेक्षित संबंध येतो. येथील प्राच्यविद्यामंदिराची स्थापना १९२७ साली झाली, आणि वाल्मीकिरामायणाची चिकित्सक आवृत्ती त्याने १९६० ते १९७५ या काळात सात कांडांच्या सात खंडांत प्रसिद्ध केली. निरनिराळ्या प्रांतांतील, निरनिराळ्या लिप्यांतील हस्तलिखिते जमवून, त्यांतील पाठभेद ताडून, प्रक्षिप्त भाग वेगळा काढून संपादक संहिता निश्चित करतात. पाठभेद हा शब्द या नगरीत घरगुती आहे.

फोनवरील खेळाचे पाठभेद रामायणाच्या पाठभेदांइतकेच गुंतागुंतीचे आहेत. प्रत्येक फोनचा पडदा वेगळा, साठा वेगळा, बटणांचे संकेत वेगळे आणि दोषही वेगळे. त्यामुळे एकाच नावाचा खेळ शेकडो निरनिराळ्या प्रतींत तयार करावा लागे. महाग फोनच्या प्रतीत मागे सरकणारे ढग, डोंगर व संगीत असे; मधल्या किमतीच्या प्रतीतून संगीत जाई; सर्वांत स्वस्त फोनच्या प्रतीतून ढग, डोंगर, काही शत्रू आणि कधी एखादा पूर्ण टप्पाही गळे. हस्तलिखितांतील भेद लेखनिकाच्या नजरचुकीने, स्मृतीने किंवा भक्तीने उत्पन्न होतात. येथे ते खरेदीदाराच्या ऐपतीने उत्पन्न झाले. ज्याच्या हाती स्वस्त फोन होता त्यास त्या खेळास आकाश होते हे कधी कळलेच नाही.

म्हणून येथे संपादकाचे काम उलट दिशेचे आहे. रामायणाचा संपादक अनेक पाठांतून जुन्यांतल्या जुन्या पाठाकडे जाऊ पाहतो. फोनवरील खेळात महाग प्रत ही 'मूळ' आणि स्वस्त प्रत ही 'भ्रष्ट' असे मानणे अन्यायाचे होईल. आपल्या देशात अधिक लोकांनी जी प्रत खेळली ती बहुधा स्वस्तच होती, आणि तीत कमीतकमी सामग्रीत खेळ जिवंत ठेवण्याचे कौशल्य सर्वाधिक होते. सर्व पाठ शेजारी शेजारी ठेवले, तरच काय आवश्यक मानले गेले आणि कोणासाठी काय गाळले गेले, हे कळू शकेल. सामाजिक इतिहासाचे असे साधन सहसा हाती येत नाही.

७

दुर्दैवाने हे साधन झपाट्याने नाहीसे होत आहे. २००७ साली ॲपलचा आयफोन आला, २००८ मध्ये त्याचे खेळ विकणारे दालन उघडले, त्याच वर्षी अँड्रॉइडचे फोन बाजारात उतरले, आणि बटणांच्या फोनवरील खेळांचा धंदा काही वर्षांतच आटोपला. नोकियाचे स्वतःचे खेळविक्रीचे दालन २०१५ साली बंद झाले. सेवाकंपन्यांचे विभाग गेले. त्यांबरोबर तेथे ठेवलेल्या प्रतीही गेल्या. जे खेळ फोनांत उरले ते फोन भंगारात गेले. आज जे काही शिल्लक आहे ते बहुतांशी हौशी संग्राहकांनी जपलेले आहे. जुन्या फोनचे सोंग घेणाऱ्या आज्ञावल्या लिहून त्यांनी हे खेळ नव्या यंत्रांवर चालविण्याची सोय केली आहे. ज्या अनधिकृत प्रतींनी कारागिरांचे नुकसान केले, त्यांच्यामुळेच काही खेळ वाचले, हा विरोधाभासही नोंदविला पाहिजे.

यावर शिक्षकवर्गाकडून दोन आक्षेप येतील. एक असा की, हे खेळ मारामारीचे व परक्यांचे. त्यांत मराठी अक्षरही नव्हते. मग त्यांचे जतन मराठी संस्थेने का करावे? यातील वस्तुस्थिती खरी आहे. सूचना बहुतेक इंग्रजीतच असत आणि कथानके बाहेरची. परंतु आमच्या भाषेच्या माणसांनी ते खेळले, त्यांतील काहींची रचना मुंबईत झाली, आणि मुलांनी आपल्या बोलीत त्यांविषयी बोलण्यासाठी शब्द घडविले. भाषेच्या इतिहासास एवढा संबंध पुरेसा आहे. मारामारीविषयी म्हणावयाचे तर व्यायामज्ञानकोशकारांनीही शस्त्रांचे हात व कुस्तीचे डाव वगळले नाहीत. नोंद करणे म्हणजे पुरस्कार करणे नव्हे.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे : इतकी क्षणभंगुर वस्तू जतन करण्याच्या योग्यतेची तरी आहे काय? या प्रश्नास हुतूतूचा इतिहास उत्तर देतो. तो खेळ शतकानुशतके अंगणात खेळला गेला आणि त्यासही कोणी लेखनयोग्य मानले नव्हते. १९२३ च्या सुमारास बडोद्यातील व अन्यत्रच्या कार्यकर्त्यांनी त्याचे नियम कागदावर आणले, म्हणून पुढे कबड्डीच्या रूपाने तो देशभर व देशाबाहेर जाऊ शकला. ज्या अनेक खेळांचे नियम कोणी लिहिले नाहीत त्यांची आज केवळ नावे उरली आहेत, आणि कित्येकांची नावेही नाहीत. मैदानी खेळ निदान शरीराच्या स्मृतीत राहतो. आजोबा नातवास दाखवू शकतात. फोनवरील खेळास ती सोयही नाही. यंत्र गेले की खेळ गेला.

करावयाचे काम फार खर्चाचे नाही. महाराष्ट्रातील व महाराष्ट्राबाहेरील मराठी ग्रंथालयांनी जुने, चालू स्थितीतील बटणांचे फोन देणगीदाखल स्वीकारून जपावे. ज्यांनी हे खेळ रचले वा तपासले त्यांच्या मुलाखती मराठीत नोंदवाव्यात. शाळांतील शिक्षकांनी आपल्या माजी विद्यार्थ्यांकडून, ते कोणते खेळ कोणत्या फोनवर खेळत आणि त्यांविषयी कोणते शब्द वापरीत, याची टिपणे मागवावीत. आणि व्यायामज्ञानकोशात जशी एकेका खेळाची व्याख्या, सामग्री, डाव व नियम यांची पद्धतशीर मांडणी आहे, तशीच या खेळांची मराठीत व्हावी. मुजुमदारांनी आपले काम पुरे केले तेव्हा त्यांनी नोंदविलेल्या काही खेळांचे जाणकार वार्धक्यास पोहोचलेले होते. आपल्या विषयाचे जाणकार अजून चाळिशी-पन्नाशीत आहेत. एवढाच काय तो आपल्या बाजूचा लाभ, आणि तो दर वर्षी कमी होत जाणारा आहे.